अम्मा हसल्या नाहीत

अम्मा अमेरिकेत आल्या तेव्हापासून मी खोटं बोलत होते. अम्मा म्हणजे श्रीरामच्या आई, कुंभकोणमच्या. श्रीराम माझा नवरा. पण हे अम्मांना ठाऊक नव्हतं! त्यांच्या लेखी मी खालच्या मजल्यावर उल्का नावाच्या मैत्रिणीबरोबर राहणारी अस्मिता, मुलाच्या युनिव्हर्सिटीतल्या डिपार्टमेंटमधली, नागपूरची, बरी पोरगी. ऑक्टोबरात आम्ही जवळच्या बेलफॉन्ट गावच्या कोर्टात लग्न करून आलो होतो. "अम्मा आली की समोर बसवून सांगतो," असं श्रीराम म्हणाला होता. अम्मा आल्या, समोर बसल्या, आणि ह्या शहाण्याची दातखीळ बसली. माझं मंगळसूत्र, माझे कपडे, माझा कुकरसुद्धा उल्काकडे गेला. मी स्वतःच्याच घराची बेल वाजवून आत जायचे. चीड यायची, विचारू नका. पण चिडीपेक्षा भीती मोठी होती. अम्मांचं मन मोडलं तर हा माणूस माझा राहील का, ह्याची.

त्यात फेब्रुवारीत श्रीराम निघाला विमानाने दूर शॉमबर्गला, नोकरीच्या इंटरव्ह्यूला. "दोनच दिवस, यार. दुपारी तिच्यासोबत बस. पिक्चर लावून दे."

पिक्चर एकच होता, अम्मा आल्यापासून रोज लागणारा. अम्मांनी लोणच्याच्या बरण्यांच्या मधे गुंडाळून आणलेल्या सीडीवरचा, जुना तमिळ, प्रेमाचा आणि हसण्याचा. खाली इंग्रजी अक्षरं वगैरे काही नाही. गोष्ट श्रीरामने मला एकदा सांगितली होती. हीरो घरमालकाच्या मुलीशी चोरून लग्न करतो आणि नेमकी त्याची आत्या राहायला येते. नवरीला तो माळ्यावर लपवतो. वर डबा पडतो, तो म्हणतो मांजर आहे, ती बिचारी वरून म्याँव करते, आणि आत्या दुधाची वाटी घेऊन शिडी चढायला लागते. इथे अम्मा डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसायच्या आणि माझ्या मांडीवर फाडकन थाप मारायच्या. मला मात्र दर वेळी दरदरून घाम फुटायचा. माळ्यावर मीच बसलेय असं वाटायचं.

तमिळ मला ओ की ठो कळत नव्हतं. पण अम्मा कुठे हसतात ते पाठ झालं होतं. हीरो पावसात छत्री उलटी धरतो तिथे फिस्सकन, आत्या शिडीवर पाय ठेवते तिथे थाप. रोज तेच, तितकंच, जणू पहिल्यांदाच बघतायत.

त्या दुपारी बाहेर बर्फ पडत होता. अम्मांनी कॉफी केली, मला दिली, स्वतःचा पेला घेऊन सोफ्यावर बसल्या. छत्री उलटी झाली, त्या फिस्सकन हसल्या. मग गाणं झालं. घरमालकाचं भांडण झालं. आत्याने शिडीवर पाय ठेवला.

थाप पडली नाही.

मी डोळ्याच्या कोपऱ्यातून पाहिलं. अम्मा पडद्याकडे टक लावून गप्प. सकाळी त्या श्रीरामचं कपाट आवरत होत्या! कोर्टाच्या पायऱ्यांवरचा आमचा फोटो मी तिथून काढला होता ना? काढलाच होता. नक्की? देवा रे. सापडला असणार, म्हणून हसू आलं नाही. आता बोलतील, मग बोलतील, म्हणून मी मान खाली घालून बसले. आत्या माळ्यापर्यंत पोचली तरी माझी वर बघायची हिंमत होईना.

मग पेला कलंडला. गरम कॉफी त्यांच्या साडीवर सांडली आणि अम्मा जागच्या हलल्या नाहीत. तेव्हा कुठे मी त्यांच्या तोंडाकडे नीट पाहिलं. उजवीकडचा ओठ खाली ओघळला होता. त्यांना काहीतरी सांगायचं होतं, पण तोंडातून नुसते आवाजाचे गोळे बाहेर येत होते. ते तमिळ नव्हतं. तमिळ मला येत नाही, पण अम्मांचं बोलणं मी ओळखत होते.

"अम्मा! अम्मा, काय होतंय?" मी मराठीतच ओरडले.

९११ला काय सांगितलं, आठवत नाही. अँब्युलन्समध्ये त्यांचा उजवा हात माझ्या हातात होता आणि तो हात कुणाचाच नसल्यासारखा पडला होता.

हॉस्पिटलात डॉक्टर बाई आल्या, माझ्याच वयाच्या. अर्धांगवायूचा झटका आहे, म्हणाल्या. मेंदूतली रक्ताची गाठ विरघळवायचं इंजेक्शन आहे, पण झटका आल्यापासून थोड्याच तासांत द्यावं लागतं. "शेवटच्या अगदी ठीक कधी होत्या? अंदाज नको, खात्रीने सांगा."

"छत्रीपर्यंत ठीक होत्या," मी म्हणाले. त्या बघतच राहिल्या. मग मी सगळं ओकले: पिक्चर, छत्रीला हसल्या, शिडीला नाही, त्या रोज हसतात, कधी चुकत नाहीत.

"मध्ये किती वेळ?"

"एक गाणं आणि एक भांडण. आणि मग लगेच फोन केला." लगेच नव्हता केला. तेही सांगितलं, रडत रडत.

डॉक्टर बाई हसल्या नाहीत, त्यांनी लिहून घेतलं. "वेळ आहे आपल्याकडे. पण ह्या इंजेक्शनने मेंदूत रक्तस्राव होऊ शकतो. जिवावरही बेतू शकतं. घरच्या कोणाची तरी संमती हवी. तुम्ही ह्यांच्या कोण?"

"नेबर," मी म्हणाले. सवयीने! अम्मा तिथेच पलंगावर होत्या, डोळे उघडे, सगळं ऐकत होत्या. इंग्रजी त्यांना कळायचं.

"मग प्लीज बाहेर थांबा. आम्ही मुलाला गाठायचा प्रयत्न करतो."

बाहेर मी श्रीरामला फोन लावला. बंद. पुन्हा लावला. बंद. इंटरव्ह्यूला बसला असणार, शहाणा मुलगा, फोन बंद करून. नर्सचीही तीच गत, रिसीव्हर कानाला लावून ती माझ्याकडे बघून मान हलवत होती. आत जाऊन खरं सांगितलं तर अम्मांना ह्याच क्षणी, अशा अवस्थेत कळणार. त्या धक्क्याने काही झालं तर? आणि माझ्या सहीने रक्तस्राव झाला तर? आयुष्यभर श्रीराम माझ्या तोंडाकडे बघेल का? आणि नाही सांगितलं तर अम्मांची वाचा जाईल, हात जाईल, मी इथे नेबर म्हणून उभी.

मी दार ढकलून आत गेले.

"आय ॲम हर डॉटर-इन-लॉ," मी म्हणाले. आवाज इतका मोठा आला की नर्स दचकली. "मी सून आहे ह्यांची. ऑक्टोबरपासून. कुठे सही करू?"

अम्मांचे डोळे माझ्याकडे वळले. ते डोळे काय म्हणत होते ते मला कळलं नाही आणि जाणून घ्यायची छातीही नव्हती. मी सही केली. त्यांनी इंजेक्शन दिलं. मग मी खुर्चीत बसून यंत्रावरच्या हिरव्या रेघेकडे बघत राहिले, ती थांबू नये म्हणून, जणू मी बघितलं की ती चालते.

श्रीराम दुसऱ्या दिवशी सकाळी पोचला. दाढी वाढलेली, तोंडचं पाणी पळालेलं. "अम्मांना कळलंय," मी सांगितलं. तो पलंगापाशी जाऊन उभा राहिला. मी उजवीकडे बसले होते, त्यांचा लुळा हात धरून. रात्रभर तोच धरला होता.

अम्मांची वाचा तुकड्यातुकड्यांनी परत येत होती. दुपारी त्यांनी श्रीरामला काहीतरी विचारलं, थांबत थांबत. त्याने मान खाली घातली.

"काय म्हणतायत?"

"लग्नाला कोण कोण होतं, विचारतेय."

"मग सांग ना."

"उल्का," तो अम्मांना म्हणाला. त्यांनी आणखी काहीतरी विचारलं. तो एकच शब्द बोलला. तो मलाही कळला. पिझ्झा.

"जेवायला काय केलं होतं, असं विचारलं तिने," तो मला म्हणाला.

अम्मांनी तोंड फिरवलं आणि रडायला लागल्या. आवाज न करता, ओठाच्या एकाच बाजूने. रागावतील म्हणून मी घाबरले होते. त्या रागाला काय काय उत्तरं द्यायची ते मी किती वेळा घोकलं होतं. आता त्यातलं एकही कामाचं नव्हतं.

माझ्या हातातला त्यांचा हात तसाच होता. पण तो त्यांना काढून घेताच येत नव्हता. मी तो हळूच चादरीवर ठेवला, उठले, पलंगाला वळसा घालून पलीकडे गेले आणि त्यांचा डावा हात धरला. तो त्यांना काढून घेता आला असता.

काढला नाही त्यांनी.