कौलाची भाकरी

थेरगावच्या नदीकाठी मांडव उभा राहिला आणि आठ दिवसांत तिथं पाय ठेवायला जागा उरली नाही. पिंपरीत तेव्हा नव्या कारखान्यांची बांधकामं चालू होती. सातारा, नगर, बीडकडून आलेली माणसं पत्र्याच्या खोल्यांत राहत होती, आपापल्या गावच्या देवांपासून लांब. त्यांना इथं आयतीच देवी भेटली. खरं तर देवी नव्हे, तिचा तवा.

हा कौल देणारा तवा अन्नबुवाला म्हणे डोहात सापडला होता. बाईनं घरचं पीठ आणायचं, स्वतः भाकरी थापायची. बुवा वरून पाण्याचा हात फिरवायचा, तांब्याची एक चकती क्षणभर भाकरीवर टेकवायचा आणि भाकरी तव्यावर पालथी घालायचा. उलटली की तिच्यावर तपकिरी खूण उमटलेली असायची. पाऊल उमटलं तर देवी घरी आली, त्रिशूळ उमटला तर काम फत्ते, नाग उमटला तर नागाची शांती करावी लागेल.

"पीठ तुझं, पाणी तुझं, हात तुझा," बुवा म्हणायचा. "माझं काय हाय यात? मी आईचा हमाल."

छबूबाईला हे पटलं. ती कामगारांची खानावळ चालवायची, रोज शंभरेक भाकऱ्या बडवायची, पण अशी भाकरी तिनं कधी पाहिली नव्हती. तिच्या चार वर्षांच्या यमूला ताप होता आणि घास गिळवत नव्हता. शेजारची रहिमाबी म्हणत होती की पोरीला चिंचवडच्या डॉक्टरला दाखव. छबूबाई आधी मांडवात गेली. रांगेत विमलबाई नावाची बुवाची शिष्यीण पाणी द्यायची, मायेनं विचारपूस करायची. छबूबाईनं तिच्यापाशी सगळं सांगितलं.

भाकरीवर इवलं, स्वच्छ पाऊल उमटलं.

"सातव्या दिवशी पोर अंगणात खेळंल," बुवा म्हणाला. "भाकरी अकरा दिवस देव्हाऱ्यात ठेव. मात्र औषधाचा थेंब पोटात गेला, तर आलेलं पाऊल माघारी फिरंल."

छबूबाई आणि तिचा नवरा भिमाजी यांनी तो शब्द पाळला. तिसऱ्या दिवशी यमूचा गळा सुजला, श्वास घरघरू लागला. रहिमाबीचा नवरा अन्वर न विचारताच टांगा घेऊन आला. चिंचवडच्या डॉक्टरांनी घशात बघितलं, आत पांढरा पापुद्रा धरला होता. घटसर्प, ते म्हणाले, आणि ताबडतोब पुण्याला न्यायला सांगितलं. दोन दिवस आधी आणली असती तर प्रतिविषाचं इंजेक्शन देऊन वाचण्याची आशा होती, हेही त्यांनी सांगितलं. दापोडीचा पूल ओलांडायच्या आत यमूनं आईच्या मांडीवर जीव सोडला.

भिमाजी बुवाला जाब विचारायला गेला आणि मान खाली घालून परत आला. बुवानं त्यालाच विचारलं होतं की पोरीच्या तोंडात कुणी काही घातलं का. रहिमाबीनं आल्याचा रस मधातून चाटवला होता. तेवढं पुरलं. छबूबाईनं रहिमाबीच्या तोंडावर दार लावून घेतलं.

बाराव्या दिवशी नदीत सोडायला म्हणून तिनं देव्हाऱ्यातली भाकरी काढली. भाकरीवर मुंग्या होत्या, पण सगळीकडं नाही. त्यांनी नेमकं पाऊल कुरतडलं होतं. टाच, तळवा, पाच बोटं. बाकी भाकरी कोरडीठाक, शाबूत.

तिनं भाकरी उजेडात धरली. मुंगीला देवी कळत नाही. मुंगीला गूळ कळतो. पुरणपोळी फुटून पुरण तव्याला लागलं की कसा डाग पडतो, हे तिला कुणी शिकवायला नको होतं.

तिनं चूल पेटवली. भाकरी थापली, पाण्याचा हात फिरवला, गुळाच्या दाट पाण्यात बोट बुडवून वर एक रेघ ओढली आणि ती बाजू तव्यावर घातली. रेघ तपकिरी उमटली. तिनं पुन्हा केली, पुन्हा तेच झालं. पाऊल माघारी फिरलं नव्हतं. ते कधी आलंच नव्हतं.

ती उठून रहिमाबीच्या दारात गेली. तिनं कुरतडलेली भाकरी पुढं धरली आणि गुळाचं सगळं सांगितलं. रहिमाबीनं ती पाहिली, ऐकून घेतलं आणि डोक्यावर पदर घेतला. "चल," ती म्हणाली, "मी येते."

रांगेत छबूबाईनं विमलबाईला सांगितलं की चार वर्षांची पोर आहे, गळा धरलाय. रोज दोनशे बायका बघणाऱ्या विमलबाईनं तिला ओळखलं नाही. "महाराज, लेकराचं हाय," तिनं आत आवाज दिला. बुवानं तीन चकत्यांतली एक उचलली. भाकरी उलटली, पाऊल उमटलं.

"सातव्या दिवशी पोर खेळंल."

"तिला पुरून नऊ दिवस झालं, महाराज," छबूबाई म्हणाली.

बुवा तोंड उघडायच्या आत तिनं चकती उचलून उलटी केली. मागच्या बाजूला पावलाचा उठाव होता आणि त्यावर चिकट पाक. मुकादम हिंदुराव पुढंच बसला होता. त्यानं बोट लावून चाखलं आणि गूळ आहे असं सांगितलं. छबूबाईनं आपल्या पुडीतला गूळ भिजवला, त्याच तव्यावर दुसरी भाकरी टाकली आणि सगळ्यांसमोर तिच्यावर विळा उमटवून दाखवला. खूण कोणती, ते विमलबाईच्या हाकेवर ठरतं, हेही तिनं सांगितलं. लेकरू म्हटलं की पाऊल.

"आईचा प्रसाद गोडच असतो," बुवा म्हणाला. यावरही काहींनी हात जोडले. एकानं छबूबाईला ढकललं. पण रांग मोडली. दोन दिवसांनी बुवा तवा घेऊन वरच्या अंगाच्या गावांकडं निघून गेला. त्याला कुणी अडवलं नाही.

त्या दिवशी रांगेत कौशल्याबाई म्हणून एक बाई तापलेलं पोर खांद्यावर घेऊन उभी होती. मांडव निम्मा रिकामा झाला तरी ती हलेना. छबूबाई तिच्यापाशी गेली.

"तव्याला पोराचा घसा दिसत न्हाई, बाई," ती म्हणाली. "मी त्यालाच इचारत बसले. जो घशात बघतो, त्याला इचार. दवाखाना उघडा हाय अजून."

कौशल्याबाईनं एकदा बुवाकडं पाहिलं. मग पोराला सावरून ती चिंचवडच्या वाटेला लागली.