पायांपुढची पडदी

१९६८ साली, शर्यतीच्या गाड्यांना रस्त्याला दाबून धरणारे पंख फुटू लागले त्या वर्षी, धाकटी जाऊ गाडीच्या पोटात उताणी पडून पोलादी ठोकळा पत्र्याला टेकवत होती, आणि बाहेरून थोरली हवेच्या बंदुकीने रिव्हेट ठोकत होती. गाडी म्हणजे अजून नुसतं ॲल्युमिनियमचं कवच होतं. चाकं नाहीत, इंजिन नाही. कारखान्यात सगळे त्याला टब म्हणत. बंदूक धडधडली की थरथर धाकटीच्या दातांपर्यंत पोचे.

दोघी एकमेकींशी बोलत नसत. रिव्हेट ठोकणाऱ्यांची एक जुनी रीत असते. आतल्याला बाहेरचं दिसत नाही आणि बाहेरच्याला आतलं, म्हणून आतला माणूस पत्र्यावर टकटक करतो. एक टकटक म्हणजे अजून मार. दोन म्हणजे बसला. तीन म्हणजे बिघडला, काढून टाक. एवढ्या तीन शब्दांवर जावाजावांचा संसार चालला होता. त्यापलीकडे काही बोलायचं असलं तर थोरली भिंतीला उद्देशून बोले.

धाकटीचा गुन्हा एवढाच, की तिचे वडीलही शर्यतीच्या गाड्या बांधत आणि एकदा त्यांच्या गाडीने या घरच्या गाडीला धूळ चारली होती. ती लग्न होऊन आली त्याच दिवशी थोरलीने भिंतीला सांगितलं होतं, "चोराच्या हाती किल्ल्या दिल्या म्हणायच्या!"

धाकटी पाठीवर सरकत गाडीच्या नाकाकडे गेली. इथे गाडी चालवताना नवऱ्याचे पाय येणार होते. काल पेडलांपुढे एक आडवी पडदी होती, जाड पत्र्याची, पावलांपुढे धरलेल्या ढालीसारखी. आज तिथे रिव्हेट कोरून काढलेली भोकं तेवढी उरली होती.

ती बाहेर आली. गाडीची आखणी करणारा थोरला दीर मेजावर ओणवा होता.

"भाऊजी, पायांपुढची पडदी कुठंय?"

"भंगारात."

"का?"

"वजन खात होती म्हणून." त्याने मान वर केली नाही. "तुझ्या बाबांच्या गाड्यांना असते ना तसली? तरीच बैलगाड्या वाटतात."

नवरा एका टायरवर बसून चष्म्याची काच पुसत होता. ती त्याच्याकडे वळली.

"मागच्या शर्यतीत त्या लाल गाडीवाल्याचे पाय गेले. तुम्ही बघितलंत ना?"

"तो भिंतीवर गेला. मी नाही जाणार."

"भिंत काय विचारून येते?"

"दादा, हिला चार दिवस माहेरी पाठवू या. सासऱ्यांची गाडी आणखी जड करून येईल."

दोघे भाऊ हसले. एरवी दोघांचं विळ्याभोपळ्याचं सख्य. एकाने पूर्व म्हटली की दुसरा पश्चिमेला तोंड करणार. धाकटीची टर उडवायची असली की मात्र एकमत.

"मुंगीला पंख फुटले की पुढे काय होतं, ते कुणी सांगायला हवं का," थोरली भिंतीला म्हणाली. टोमणा कुणाला होता, ते भिंतच जाणे.

दुपारी दोघे भाऊ मागच्या शेडमध्ये इंजिन चालवून बघायला गेले. जाताना थोरला बजावून गेला, की रिकामी भोकं आखूड रिव्हेट घालून बुजवून टाका. धाकटीने थोरलीकडे न बघता भंगाराचा ढीग उपसला, पडदी काढली, छातीशी धरली आणि टबात शिरली. जुन्या जागी ती नेमकी बसली. गुडघ्याने दाबून धरून तिने पहिल्या भोकामागे ठोकळा टेकवला. आता बाहेरून बंदूक चालायला हवी होती. ते तिच्या हातात नव्हतं.

तिने एक टकटक केली.

बाहेर पावलं वाजली. नाकाशी येऊन थांबली.

"बाहेर नीघ," थोरली म्हणाली. लग्नानंतर ती धाकटीशी सरळ बोलली, ते बहुधा पहिल्यांदाच.

धाकटीने पुन्हा टकटक केली. एक.

पावलं दूर गेली. आता ती मागच्या शेडमध्ये जाईल आणि आपल्या नवऱ्याला हाताला धरून आणेल, असं धाकटीला वाटलं. गुडघ्याला कळ लागली होती, पण तिने तो हलवला नाही. दार लोटल्याचा आवाज झाला. मग कडी पडली, आतून. पावलं परत आली. भोकातून रिव्हेटचं टोक आत आलं, आखूड नव्हे, पडदीलाही पुरेल असं लांब, आणि बंदूक धडधडली.

दोन टकटक. पुढचं भोक.

पंधरवड्याने जोडून झालेली गाडी वजनकाट्यावर चढवली. थोरल्याचा चेहरा उतरला.

"हे जास्तीचं कुठून आलं?"

"दोन हात रंग दिलात ना," थोरली म्हणाली. "रंग काय हवेचा असतो?"

त्याने एकदा धाकटीकडे रोखून बघितलं. मग ब्रेकचं पेडल तिच्याकडूनच काढून घेतलं, कारण नाकाच्या त्या बोळात तीच मावे, आणि ते शिकंज्यात धरून ड्रिल उचललं. वजन उतरवायची त्या काळची ती रीतच होती. जे दिसेल त्याला भोकं पाडायची.

"याच्यात आधीच आहेत," धाकटी म्हणाली.

"मग आणखी पाडू. का, दुसरं काही काढण्यासारखं माहीत आहे तुला?"

माहीत होतं. तिने थोरलीकडे पाहिलं. थोरली भिंतीकडे बघत होती, पण भिंतीलाही काही बोलली नाही.

"पाड रे दादा," नवरा म्हणाला. "बायकांना विचारून का गाड्या बांधायच्या?"

पेडलाची चाळण झाली.

शर्यतीत लांब सरळ रस्त्याच्या शेवटी नवऱ्याने ब्रेक दाबला आणि पेडल त्या भोकांच्या रांगेतून मोडलं. गाडी नाकावर भिंतीला धडकली. नाक चुरगळत पडदीपर्यंत आलं आणि तिथे थांबलं. तो आपल्या पायांनी बाहेर आला आणि त्याने हेल्मेट जमिनीवर आपटलं.

कारखान्यात आणलेल्या गाडीचा पत्रा थोरल्याने उलगडला. पडदी दिसताच तो ताठ उभा राहिला.

"हे कुणी केलं?"

"बंदूक माझ्या हातात होती," थोरली म्हणाली.

"हे वजन घातलं नसतं, तर मी पेडल पोखरलं असतं का?"

"पेडल मोडलं ते तुमच्या भोकांनी. पाय राहिले ते हिच्या पडदीने. आता कुणाला ओरडायचं ते ठरवा."

धाकटीने नवऱ्याकडे पाहिलं. त्याच्या घोट्याला पट्टी होती.

"शर्यत गेली माझी," तो म्हणाला आणि दाराला लाथ मारून निघून गेला. लाथ जोरात बसली.

पुढच्या हंगामात तो दुसऱ्या संघाकडे गेला, आणि वर्षभरात दुसऱ्या बाईच्या घरीही. केस पिकेपर्यंत शर्यती खेळला. म्हातारपणी बागेत नाचत्या पावलांनी फिरायचा म्हणे. थोरल्याने पुढच्या प्रत्येक गाडीत पडदी बसवली, आणि आल्यागेल्याला ती आपलीच कल्पना म्हणून सांगितली. धाकटीचे वडील लेकीला न्यायला आले, तेव्हा थोरलीने भिंतीला ऐकवलं, "टबात शिरायला बारीक अंग लागतं. इथे दुसरं कुणी नाही." धाकटी गेली नाही. दोघींनी मिळून मग कितीतरी टब बांधले. त्या पेडलाचा विषय कधी निघाला नाही. तसा कुठलाच निघाला नाही.

थोरली वारल्यावर कारखान्याने धाकटीच्या जोडीला एक नवी बाई दिली. हात चांगला होता तिचा. तरी धाकटीने महिन्याभरात काम सोडलं. का सोडलंत म्हणून कुणी विचारलं, तर म्हणायची, "बाई फार बोलते."