टाकीला वळसा, तीन फेऱ्या

"बाई, टाकी नव्हती तेव्हाचा विक्रम टाकी असताना मोडायचा, हा कुठला न्याय?"

मैत्रिणींनी पैज लावली, म्हणून भिंगरीने हे भर मैदानात खेळाच्या बाईंना विचारलं. सगळ्यांनी वळून माझ्याकडे पाहिलं. मित्रांनो, ती टाकी म्हणजे मीच! शाळेच्या मैदानावरची विटा-सिमेंटची जुनी पाण्याची टाकी.

माझा जन्म सुट्टीतला. धावपट्टीची फक्कीची रेघ तेव्हा पार पुसली गेली होती. गवंडीकाकांना सपाट जागा दिसली आणि त्यांनी मला बांधून टाकलं, बरोब्बर वळणावर! शाळा उघडली तेव्हा मी काठोकाठ भरलेली. मला उचलणार कोण? मग रेघच माझ्या बाहेरून वळवली. सुरुवातीला तहानलेल्या मुलांनी मला डोक्यावर घेतलं. पुढे माझा गिलावा उडाला, एक नळ गळू लागला आणि जो हरेल तो म्हणू लागला, "या टाकीने घात केला!"

शाळेच्या भिंतीवर मुलींचा तीन फेऱ्यांचा विक्रम लिहिलाय, चार मिनिटं दोन सेकंद. तो माझ्या जन्माआधीचा. तेवढं अंतर दुसरीकडे कुठे कोणी धावत नाही, पण आमच्याकडे त्याचा केवढा रुबाब! भिंगरीच्या बाबांनी तर अटच घातली होती, "तो मोडलास तर दहावीतही धाव. नाहीतर बूट माळ्यावर."

त्या प्रश्नावर बाई एवढंच म्हणाल्या, "आधी धावून तर दाखव."

भिंगरी सुटली. दर फेरीला तिचं कोपर मला घासून गेलं. शेवटच्या वळणावर तिचा श्वास भात्यासारखा वाजत होता, तरी ती रेघेच्या आत एक पाऊल आली नाही. वेळ बघायला आलेले तिचे आई-बाबा माझ्या नळापाशी उभे. वेळ आली चार मिनिटं सहा सेकंद.

बाईंनी टेप आणून माझा वळसा मोजला. "अगं, टाकीमुळे वाढलेलं अंतर वजा केलं तर तूच जिंकलीस! लिहू भिंतीवर?"

मला वाटलं, आता ही उडीच मारणार. पण तिने मान हलवली. "नको, बाई. ते अंतर वेगळं, हे वेगळं. वजाबाकी करून कसला विक्रम? माझा निराळा लिहा, हिच्या पोटावर."

"एकटीच धावलीस, मग पहिली येणारच!" मैत्रिणी खिदळल्या.

"मग या की मोडायला!"

निळ्या रंगात माझ्यावर अक्षरं उमटली. गिलावा उडालेली मी, पण काय मिरवले सांगू! मित्रांनो, मला खुशाल शिव्या द्या, पण वळसा पुरा घाला. आणि जाताना नळ घट्ट बंद करा.

भिंगरीने ओंजळभर पाणी पिऊन तोंड पुसलं आणि ती वळली.

"बाबा, तुमची अट मी हरले. कबूल. पण आई, तूही ऐक. बूट माळ्यावर जाणार नाहीत. मी दहावीतही धावणार आहे."