शेवटचं वाक्य

एनिड कर्शॉने साठ वर्षांच्या कारकिर्दीत अकरा घरमालकिणी, सात मोलकरणी आणि चार प्रेतं रंगवली. प्रेतांबद्दल समीक्षकांचं मत बरं होतं.

तिच्याच वयाची, तिच्याच बरोबर थॉर्नबीच्या पॅव्हिलियन थिएटरात उमेदवारीला लागलेली रोवेना ब्लाइद मात्र रंगभूमीवर राण्या झाली, पडद्यावर राण्यांच्या आया झाली आणि शेवटी राजवाड्यानेच तिला 'डेम' हा किताब देऊन टाकला. रोवेनाचा फोटो मासिकात आला की एनिड आधी तिच्या मानेवरच्या सुरकुत्या मोजायची आणि मगच मजकूर वाचायची. असूया म्हणाल, तर तिने ती कुंडीतल्या रोपासारखी निगुतीने जोपासली होती.

त्या रोपाचं बी एका पडद्याने टाकलं होतं. साल एकोणीसशे एकोणसाठ. नाटक दोन बहिणींचं. समुद्रावर गेलेल्या भावाची वाट पाहणाऱ्या. अखेरीस रोवेना म्हणायची, "त्याचा कोट अजून खुंटीवरच आहे." त्यावर एनिडचं वाक्य आणि पडदा. पण नाटकवाल्यांचा एक दंडक आहे: पहिल्या प्रयोगाआधी नाटकाचं शेवटचं वाक्य तालमीत उच्चारायचं नाही, नाटक पडतं. त्यामुळे तीन आठवडे एनिड त्या जागी नुसती उभी राहिली आणि पडदेवाला वॉल्टर कोटाच्या वाक्यानंतर पडदा पाडत राहिला. पहिल्या प्रयोगाला एनिडने आपल्या वाक्याआधी एक विराम घेतला. सुरेख विराम होता तो. त्यातच वॉल्टरने सवयीने पडदा पाडला.

प्रेक्षकांत लंडनहून आलेला एक सिनेमावाला होता. कोटाच्या वाक्याने त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. लेखकाने शेवट हाच चांगला म्हणून एनिडचं वाक्य कायमचं कापलं, आणि रोवेना पुढच्याच सोमवारी लंडनची गाडी पकडून गेली.

आता साठ वर्षांनी डागडुजी होऊन पॅव्हिलियन पुन्हा उघडणार होतं. उद्घाटनाला दोघींनी त्याच नाटकाचा शेवटचा प्रवेश करावा, अशी टूम दिग्दर्शक कॉलिनने काढली. एनिडने एकच अट घातली.

"माझं वाक्य परत हवं."

"मिस कर्शॉ, तुमचंच आहे ते," कॉलिन म्हणाला. "फक्त तालमीत..."

"तालमीत बोलायचं नाही. तुमच्या जन्माआधीपासून माहीत आहे मला."

मग ती विंगेत गेली. पडद्याच्या बटणापाशी टॅमसिन नावाची मुलगी सँडविच खात बसली होती.

"हे बघ पोरी. रोवेनाबाईंचं वाक्य झालं तरी बटणाला हात लावायचा नाही. मी किती का वेळ थांबेना. मी बोलले की पाडायचा. माझ्या तोंडून वाक्य निघालं की लगेच. कळलं?"

"तुम्ही बोललात की पडदा," टॅमसिन म्हणाली.

"पुन्हा म्हण."

टॅमसिनने पुन्हा म्हटलं. सँडविच संपेपर्यंत चार वेळा म्हटलं.

प्रयोग दुपारचा होता. मेकअपच्या आरशासमोर रोवेना कानातलं श्रवणयंत्र काढून पर्समध्ये ठेवत होती.

"ते घाल गं. संवाद ऐकू कसे येणार तुला?"

"दिसतं ते. पहिल्या रांगेत कॅमेरेवाले आहेत." रोवेनाने आरशातूनच तिच्याकडे पाहिलं. "एनिड, तू अजून गालाला तोच गुलाबी रंग लावतेस? किती धीराची आहेस."

"आणि तू मानेला रुमाल. शहाणपणाचं आहे."

दोघी हसल्या. साठ वर्षं एकमेकींना नाताळचं कार्ड न चुकता पाठवणाऱ्या बायका अशाच हसतात.

प्रवेश रंगला. रोवेना खुंटीकडे वळली, तिने हात उचलला, आणि थांबली. एनिडने मनात पाच आकडे मोजले. मग दहा. थिएटर चिडीचूप. एनिडला आधी कमालीचा आनंद झाला: विसरली. डेम रोवेना ब्लाइद आपलं जगप्रसिद्ध वाक्य विसरली, तेही कॅमेऱ्यांसमोर. पण दुसऱ्याच क्षणी लक्षात आलं की कोटाचं वाक्य आल्याशिवाय तिच्या स्वतःच्या वाक्याला काडीचा अर्थ नाही.

"त्याचा कोट," एनिड पुटपुटली. रोवेना ढिम्म. श्रवणयंत्र पर्समध्ये होतं.

पंधरा. सोळा. शेवटी एनिड एक पाऊल पुढे आली आणि खणखणीत आवाजात म्हणाली, "त्याचा कोट अजून खुंटीवरच आहे." मग स्वतःच्या वाक्यासाठी तिने श्वास घेतला.

पडदा पडला.

पलीकडे टाळ्यांचा कडकडाट सुरू झाला. एनिडने विंगेकडे पाहिलं. टॅमसिनने अभिमानाने अंगठा वर केला.

"तुम्ही बोललात की लगेच," ती म्हणाली.

रोवेना वळली. तिचा चेहरा रागाने लाल झाला होता आणि त्याला कुठल्याही गुलाबी रंगाची गरज नव्हती.

"माझं वाक्य तू का बोललीस?"

"तू विसरली होतीस," एनिड तिच्या कानाशी ओरडून म्हणाली.

"विसरेन कशी? विराम घेत होते मी. त्या रात्री तू घेतला होतास ना, पडद्याने खाल्ला तो? तसला विराम मला उभ्या जन्मात साधला नाही. साठ वर्षं जळतेय मी त्याच्यावर."

हे खरं की विसरल्याची सारवासारव, ते ओळखण्याइतका रोवेनाचा अभिनय वाईट नव्हता.

"बरं, तुझं वाक्य होतं तरी काय?" रोवेनाने विंगेत ठेवलेल्या पर्समधून श्रवणयंत्र काढून कानात बसवलं. "मी कधी ऐकलंच नाही."

बंद पडद्याआड एनिडने विराम घेतला. भरपूर घेतला. मग म्हणाली, "मग दिवा राहू दे."

रोवेनाने क्षणभर विचार केला.

"बरं झालं कापलं," ती म्हणाली, आणि एनिडचा हात घट्ट धरून तिला टाळ्या घ्यायला पडद्यापुढे ओढून घेऊन गेली.

दुसऱ्या दिवशी थॉर्नबीच्या पेपरात अर्धा रकाना रोवेनाच्या नि:शब्द अभिनयावर होता. एनिडबद्दल एकच ओळ होती: मिस कर्शॉ यांनी मध्येच बोलून त्या शांततेचा भंग केला.

एनिडने ती ओळ कापून जपून ठेवली. मग फोटोतल्या रोवेनाच्या मानेवरचा रुमाल भिंगाखाली धरला. रुमाल अंमळ सरकला होता.