मोठ्या आवाजाची रेकॉर्ड

सुई रेकॉर्डवर टेकण्याआधी वैभवीने स्वानंदीला उचललं आणि चार घड्या घातलेल्या गोधडीवर बसवलं. गोधडी तिच्या आईने पुण्याहून पाठवली होती. जाड, आत दोन जुन्या सुती साड्या. खाली लाकडी जमीन, आणि जमिनीवर पुष्करचे ते दोन कमरेएवढे स्पीकर. पुष्कर रिकाम्या बाटल्या परत करायला सुपरमार्केटला गेला होता. शनिवारी तिथल्या बाटल्या घेणाऱ्या यंत्रापुढे रांग असते. म्हणजे तिच्या हातात दहा मिनिटं होती, फार तर बारा.

आधी खरखर झाली. मग एकट्या गिटारचे आठ ठोके. वैभवी लेकीच्या मागे उकिडवी बसली, तिच्या कानाच्या पाळीकडे बघत. ड्रम धाडकन आत आले. कपाटातल्या काचेच्या वाट्या किणकिणल्या. स्वानंदीने तोंडातली चघळायची रबरी अंगठी फक्त एका गालातून दुसऱ्या गालात नेली.

वैभवीने सुई उचलली. गोधडी ओढून काढली, दहा महिन्यांच्या त्या गोळ्याला उघड्या लाकडावर बसवलं आणि तेच गाणं पुन्हा पहिल्यापासून लावलं. या वेळी ड्रम आले तशी स्वानंदी ताठ झाली, तिचे डोळे मोठे झाले आणि अंगठी टाकून तिने दोन्ही तळवे एकमेकांवर आपटले. खुदकन हसली.

फोनमध्ये सामानाची यादी होती. कोथिंबीर, दही, डायपर यांच्याखाली वैभवीने लिहिलं: गोधडी नाही. जमीन हो. त्याच्या वर हेच शब्द आणखी सहा वेळा होते, निरनिराळ्या तारखांना. यादीत कोण डोकावतं!

दारात किल्ली फिरली तेव्हा गोधडी सोफ्यावर होती आणि रेकॉर्ड चालू होती.

"अरे वा! मंडळी मैफलीच्या तयारीत." पुष्करने बूट काढता काढताच पाहिलं. स्वानंदी टाळ्या पिटत होती. "बघ, बघ. प्रत्येक वेळी बरोबर समेवर. हिला ऐकू येत नाही म्हणे! हिला तुझ्याहून जास्त तालाची जाण आहे."

"मी कधी म्हटलं ऐकू येत नाही?"

"डॉक्टरीणबाई म्हणाल्या."

"त्याही तसं म्हणाल्या नाहीत. त्या म्हणाल्या, पान कोरं आहे."

जर्मनीत प्रत्येक बाळाची एक पिवळी वही असते. जन्मल्या दिवसापासूनच्या तपासण्या तीत लिहितात. स्वानंदी जूनमध्ये पुण्यात जन्मली, वैभवीच्या माहेरी, पहिलं बाळंतपण म्हणून. कोलोनच्या डॉक्टरीणबाईंनी वही उघडली, कानांच्या तपासणीच्या पानावर त्यांचं बोट थांबलं आणि त्यांनी विचारलं, हे कुणीच कसं केलं नाही?

केलं होतं, अर्धं. जन्मानंतर तिसऱ्या दिवशी. नर्स म्हणाली होती, कानात पाणी असतं कधीकधी, दहा दिवसांनी परत घेऊन या. ते दहा दिवस नेमके बारशाच्या आदल्या दिवशी भरले. पुष्कर आठवड्याच्या रजेवर आलेला, घरात नव्वद माणसांच्या जेवणाची गडबड. तो म्हणाला होता, "आज कुठे दवाखान्यात, बारसं होऊ दे." बारसं झालं. तो परत गेला. मग पासपोर्ट, मग व्हिसा, मग ऑक्टोबरात विमान. ते वाक्य वैभवीने त्याला कधी ऐकवलं नाही. आपणही तेव्हा "बरं" म्हणालो होतो, हे तिला आठवत होतं.

"सोमवारचा तो टेर्मिन," पुष्कर स्वयंपाकघरातून म्हणाला. टेर्मिन म्हणजे डॉक्टरांनी दिलेली वेळ. तो शब्द आता त्यांच्या मराठीत आला होता. "पुढे ढकलू या का? सोमवारी ऑफिसात आमचं सॉफ्टवेअरचं रिलीज आहे."

"पुढची वेळ चार महिन्यांनी मिळते."

"मग चार महिन्यांनी. काय बिघडतंय?"

वैभवीने रेकॉर्ड बंद केली. तिला म्हणायचं होतं, ये, बस इथे, मी तुला गोधडी दाखवते. पण ते एकदा दाखवलं की मग ते आहेच. ती म्हणाली, "आधी कपडे बदल. कार्यक्रम चारला सुरू होतोय ना?"

निघता निघता सासूबाईंचा व्हिडिओ कॉल आलाच. त्यांनी पडद्यासमोर खुळखुळा नाचवला आणि स्वानंदी पडद्यावर झेपावली.

"अगं, कशाला त्या चाचण्या? पुष्कर अडीच वर्षांपर्यंत एक शब्द बोलला नव्हता. आता मीटिंगमध्ये याला थांबवावं लागतं म्हणे."

"हो आई."

"नुसतं हो आई नको. काळजी करून दूध आटतं."

"आई, ट्राम चुकेल आमची," पुष्करने मधेच फोन घेतला. नेहमी तो आईला इतक्या लवकर सोडत नसे.

ट्राममध्ये तो बोलत राहिला. विंटर टेनंट्स या बँडचा विषय निघाला की त्याला पुन्हा एकोणिसावं वर्ष लागायचं. अमेरिकेतल्या एका थंडगार तळ्याकाठच्या गावातली तीन माणसं. पहिली रेकॉर्ड त्यांनी एका लाँड्रीच्या तळघरात चार दिवसांत केली, वरची मशीन बंद असायची तेवढ्या वेळात. गाणं इतकं हळू की ऐकणाऱ्यानेच पुढे सरकायचं. दुसरी रेकॉर्ड कॉलेजांच्या रेडिओवर वाजली आणि पुण्यात इंजिनिअरिंगच्या हॉस्टेलवर पुष्करपर्यंत पोचली. वैभवीपर्यंत ती पुष्करकडून आली, एका इअरफोनच्या दोन टोकांनी. मग मोठ्या कंपनीने त्यांना उचललं आणि सांगितलं, जरा जोरात वाजवा. तिसरी रेकॉर्ड जोरात झाली. जुने लोक चिडले, नवे आले नाहीत, कंपनीने हात झटकले. ड्रम वाजवणारा सुतारकामाला लागला. सात वर्षं काहीच नाही. शेवटी जर्मनीतल्याच एका छोट्या कंपनीने पहिली रेकॉर्ड पुन्हा छापली, आणि तेव्हापासून पोटापुरतं जे काही होतं ते इथल्या छोट्या हॉलांवर. गायक, बास वाजवणारी बाई, एक नवा ड्रमर. तिघं एका व्हॅनमधून फिरतात. रात्री हॉलमध्ये वाजवायचं, आणि दुपारी जमलं तर रेकॉर्डच्या दुकानात अर्धा तास, फुकट. दहा महिन्यांची लेक घेऊन जाता येईल ते हे दुकान.

"आज तळ्याचं गाणं वाजवतील," पुष्कर म्हणाला. "अकरा वर्षं मी ते समोर बसून ऐकायची वाट बघतोय."

वैभवी खिडकीतून बाहेर बघत होती. एक गोष्ट तिला बऱ्याच दिवसांपासून खटकत होती. आत्ता ती सहज बोलून गेली.

"मग घरी हल्ली ती तिसरीच का लावतोस सारखी? तू तर तिला भंगार म्हणायचास."

पुष्करने बाबागाडीचा पट्टा उगाच घट्ट केला.

"हिला आवडते ती," तो म्हणाला.

दुकानात साठेक माणसं होती. बहुतेक पन्नाशीचे, करड्या दाढ्यांचे, हातात कापडी पिशव्या. एक कुत्रा होता, आणि एका तरुण बापाच्या पोटाशी बांधलेलं तान्हं. मागच्या भिंतीशी माल ठेवायच्या लाकडी फळ्या जोडून वीतभर उंचीचा मंच केला होता. जमिनीवर जाड सतरंज्या. वैभवीची नजर आधी तिथेच गेली. सतरंज्या, आणि खाली फरशी. घरच्या लाकडासारखी ती थरथरणार नव्हती.

तिने पिशवीतून मोठ्या आवाजापासून कान झाकायचे गुलाबी कप काढले.

"नको घालू," पुष्कर लगेच म्हणाला. त्याने स्वानंदीला खांद्याशी घेतलं होतं. "हळूच वाजवणार आहेत. उगाच रडेल ती."

हे तो जरा जास्तच चटकन म्हणाला असं तिला वाटलं. पण तिने वाद घातला नाही. कप पिशवीत परत टाकताना तिच्या लक्षात आलं, आपल्यालाही ते घालायचे नव्हतेच. लेक आवाजाने दचकते का, ते बघायचं होतं. कुठली आई असा विचार करते?

शेजारच्या दाढीवाल्याने पुष्करला जर्मनमध्ये विचारलं, "तुम्ही कधीपासून ऐकता यांना?"

"दुसऱ्या रेकॉर्डपासून. भारतात."

"भारतात!" तो मागे वळून बायकोला सांगायला लागला, "ऐकलंस का, भारतातसुद्धा." मग डोळे मिचकावून म्हणाला, "आणि तिसरी?"

"तिच्याबद्दल आपण बोलत नाही."

"गेनाऊ," दाढीवाला खूश झाला. "अगदी बरोबर."

तिघं आले. गायक उंच, खांदे पडलेले, स्वेटरच्या कोपरांना ठिगळं. त्याने कुणाला नमस्कार-चमत्कार केला नाही. गिटार उचलली आणि सुरुवात केली. खरोखरच इतकं हळू की साठ माणसं एक पाऊल पुढे सरकली. बास वाजवणारी बाई डोळे मिटून होती. ड्रमरच्या हातात काठ्यांऐवजी ब्रश होते. वैभवीला एकदम हॉस्टेलचा जिना आठवला, इअरफोनची ती वायर, आणि त्या वायरीइतकंच त्यांच्यातलं अंतर. तिने लेकीकडे पाहिलं.

स्वानंदी छतावरचा दिवा बघत होती.

बघू दे. मोठी माणसं असतात तशी मुलं नसतात. त्यांना दिवे आवडतात. दुसरं गाणं झालं. तिसरं झालं. तान्ह्याने मधे कुठेतरी मान वळवली, आवाजाकडे, झोपेतच. वैभवीने ते पाहिलं, आणि आपण ते पाहिलंय हे विसरायचा प्रयत्न केला. तिने हळूच स्वानंदीच्या मागे, पुष्करच्या पाठीशी, चुटकी वाजवली. मग जरा जोरात. पुढच्या बाईने वळून पाहिलं. वैभवीने हात खिशात घातला.

गायक गिटारची तार जुळवायला मागे सरकला. माइकचा दांडा त्याच्या कोपराला लागला, फिरला आणि स्पीकरच्या तोंडासमोर आला.

माइक किंचाळला.

दुकानातली झाडून सगळी माणसं आकसली. हात कानांवर गेले, कुणाच्या हातातली बाटली पडून फुटली, कुत्रा दाराकडे धावला, तान्हं जागं होऊन टाहो फोडायला लागलं. वैभवीनेही दोन्ही कान दाबून धरले होते, मान खांद्यात. दोन सेकंद, तीन. ड्रमरने झेप घेऊन कुठलंतरी बटण बंद केलं.

मग तिने मान वळवली. तिला लेकीकडे बघायचं होतं, पण तिची नजर आधी पुष्करवर पडली.

त्याने कान झाकले नव्हते. एका हाताने त्याने स्वानंदीला धरलं होतं, दुसरा हात मोकळाच होता, आणि तो तसाच खाली लोंबत होता. तो मंचाकडे बघत नव्हता. तो वीतभर अंतरावरून लेकीच्या चेहऱ्याकडे बघत होता. दचकून वळलेल्या माणसाची ती नजर नव्हती. आधीपासून तिथेच लावून ठेवलेली होती.

स्वानंदी त्याच्या शर्टाचं बटण उपटायच्या कामात होती. तिने वर पाहिलं, बाबा आपल्याकडेच बघतोय हे पाहून तोंड पसरून हसली, आणि पुन्हा बटणाकडे वळली.

"एन्टशुल्डिगुंग, माफ करा," गायक मोडक्या जर्मनमध्ये म्हणाला. "आमच्या तिसऱ्या रेकॉर्डमधलं होतं हे."

दुकान खदखदून हसलं. शेजारचा दाढीवाला पुष्करला कोपराने ढोसून हसला. पुष्कर हसला नाही.

गिटारचे पहिले स्वर आले, आणि ते तळ्याचं गाणं आहे हे वैभवीला दुसऱ्याच स्वराला कळलं. लोकांनी श्वास रोखला. पुष्करने मंचाकडे मान वळवली नाही.

"सोमवारी किती वाजता आहे?" त्याने विचारलं.

"सव्वाआठ."

त्याने मान हलवली. "रिलीज ऑफिसातला उत्कर्ष बघेल. त्याला सांगितलंय मी."

"कधी?"

"मघाशी. बाटल्यांच्या रांगेत."

बाटल्या देऊन घरी आल्यावर तो म्हणाला होता, पुढे ढकलू या का.

"तू आंघोळीला गेलीस की मी तिच्या मागे उभा राहून हाक मारतो," तो म्हणाला. आवाज त्याने आणखी खाली आणला होता, ओठांपुरता. "रोज. आधी हळू, मग मोठ्याने. परवा पातेलं वाजवलं. तू आतून विचारलंस, काय पडलं."

"कधीपासून?"

"फेब्रुवारी."

तिच्या यादीतली पहिली नोंद मार्चमधली होती. म्हणजे एक आख्खा महिना तो एकटा होता. रोज सकाळी डबा घेऊन निघायचा, संध्याकाळी येऊन रेकॉर्ड लावायचा, लेकीला लाकडावर बसवायचा आणि टाळी आली की वैभवीकडे बघून म्हणायचा, बघ, बघ.

"मग बोलला का नाहीस मला?"

पुढची बाई पुन्हा वळली, ओठांवर बोट ठेवून. पुष्करने तिच्याकडे पाहून क्षमा मागितल्यासारखी मान झुकवली. त्याचा अंगठा स्वानंदीच्या पाठीवरून वर गेला, खाली आला.

"तू रोज तिला गाऊन झोपवतेस," तो म्हणाला.

मंचावर गायकाचा आवाज इतका खाली उतरला होता की दुकानातला फ्रिजसुद्धा ऐकू येत होता. वैभवीने हात पुढे केले. पुष्करने स्वानंदीला तिच्याकडे दिलं. तिने लेकीला कडेवर नीट घेतलं, आणि तिचं तोंड मंचाकडून आपल्या तोंडाकडे वळवलं.