एका मोटरचे दोन मालक

आमच्या कारखान्यात मोटर एक आणि तिचा वेग सांभाळणारे दोन, इथेच सगळं बिघडलं. कागदाचा मोठा रोल उलगडायचा, कापायचा आणि हव्या त्या मापाचे रोल करून पुन्हा गुंडाळायचा, एवढंच आमचं काम. डीसी मोटर एकसारखी फिरली की कागद गुमान गुंडाळला जातो. जरा पळाली की फाटतो, रेंगाळली की सैल पडतो. वेगाचा नॉब मशीनच्या पुढ्यात, तिथे आमचे हे बसतात. कमाल वेग ठरवणारा स्क्रू पॅनेलच्या आत, तो धाकट्या दिरांच्या ताब्यात. आणि हे दोघे सख्खे भाऊ कित्येक महिने एकमेकांशी बोलत नव्हते.

मध्ये मी. “वहिनी, दादाला सांगा, नॉबशी खेळू नको म्हणावं.” दादा तिथेच हाताच्या अंतरावर बसलेला. “अगं, त्याला सांग, माझ्या पाठीमागे स्क्रू पिळायचे धंदे बंद कर.” यांचा आवाज पलीकडच्या गल्लीत ऐकू जातो, पण निरोप माझ्यामार्फतच जायला हवा. दिवसभर या टोकाहून त्या टोकाला निरोप वाहून माझ्या नाकी नऊ आले होते.

झालं होतं असं. चालता चालता मोटर अचानक पळायला लागली. यांनी झटकन नॉब मागे घेतला. त्याच वेळी भाऊजींनी पॅनेल उघडून स्क्रूही कमी केला. वेग धाडकन पडला, म्हणून यांनी नॉब पुढे सारला, तर तिकडे भाऊजींनीही स्क्रू वाढवला. कागद फाटला. यांना वाटलं, हा मुद्दाम करतोय. भाऊजींना वाटलं, दादा मला खोटं पाडतोय. तेव्हापासून हाच तमाशा रोज, आणि मी नुसती डोक्याला हात लावून बसायची.

आज संध्याकाळी ट्रक येणार होता. गिऱ्हाइकाला दोन मोठे रोल हवे होते, एकही जोड नसलेले. एक नशिबाने झाला होता. दुसरा फाटला तर पुढचं काम दुसरीकडे जाणार होतं. तेवढ्यावर भागलं असतं तरी चाललं असतं, पण सकाळी चहा पिताना यांनी जाहीर केलं, “आज रोल फाटला की वाटणी. मशीन विकू आणि ज्याने त्याने आपली वाट धरावी.” भाऊजी माझ्याकडे बघून म्हणाले, “सांगा त्याला, मंजूर.”

मी चहाचा कप खाली ठेवला. मी या घरात आले तेव्हा हे दोघे एकाच सायकलवरून कामाला जायचे, जाताना एक पायडल मारणार, येताना दुसरा. आणि आता स्क्रू नि नॉबापायी घर मोडणार? मला रडू येत होतं, पण त्याहून जास्त राग येत होता. म्हटलं, दोघांतला खोटारडा कोण ते आज पकडायचंच.

मशीनवर रद्दी कागद लावून चाचणी सुरू होती. तयार रोल लोखंडी पाइपसकट बाजूला पडला होता. मी म्हटलं, “दोघांनी दोन टोकं धरून उचला. मी टेबल पुसते, मग वर ठेवा. खाली टेकवलात तर याद राखा.” रोल चांगलाच जड. दोघे समोरासमोर उभे, चारही हात पाइपला, नजर छताला. आणि मी टेबल पुसायला लागले. इतकं सावकाश मी आयुष्यात काही पुसलं नव्हतं.

“वहिनी, आटपा की.”

“डाग आहे.”

हे काहीतरी बोलणार तेवढ्यात मोटरचा आवाज चढला. कागद ताणला गेला आणि फाटून फडफडायला लागला.

“बघ, नॉब फिरवलास—” भाऊजी ओरडले. नॉबवाला त्यांच्यासमोर पाइप धरून उभा होता.

“तूच स्क्रू—” यांनीही तोंड उघडलं, पण स्क्रूवालाही दोन्ही हातांनी पाइप धरून होता.

मी जाऊन लाल बटण दाबलं.

“आता ठेवू का?” यांनी हळूच विचारलं.

“ठेवा!”

दोघे मोटरच्या मागच्या टोकाशी जाऊन वाकले. तिथे टॅको नावाची छोटीशी वस्तू असते. मोटर किती वेगाने फिरतेय ते ती पॅनेलमधल्या ड्राइव्हला, म्हणजे मोटर चालवणाऱ्या यंत्राला, कळवते, आणि ड्राइव्ह त्यावरून वेग कमीजास्त करतो. मोटरला टॅको जोडणारा रबर झिजून गुळगुळीत झाला होता. तापला की घसरायचा. मोटर पळत असली तरी टॅको रेंगाळायचा, आणि ड्राइव्ह बिचारा मोटर मंदावली असं समजून तिला आणखी पळवायचा. निरोप नेणाराच घसरत होता. मला त्या टॅकोची फार दया आली.

“इतके महिने हे दिसलं कसं नाही?” मी विचारलं.

“दिसणार कसं, वहिनी? आवाज बदलला की आम्ही दोघं तुटून पडायचो. मशीन एकटं काय करतं ते पाहिलंय कोणी?”

मी बोलायला गेले असते तर फार बोलले असते, म्हणून नवा रबर शोधायला गेले. परत आले तेव्हा भाऊजी हात पुढे करून म्हणत होते, “दहाचा पाना दे.”

“आठचा लागेल.”

“दहाचा, दादा.”

आठचा लागला. त्यावरही वाद झाला, पण मला कोणी मध्ये घेतलं नाही.

दुसरा रोल लावला तेव्हा मी पॅनेलला कुलूप घातलं आणि दोघांना मशीनसमोर शेजारी शेजारी उभं केलं. “वेग लावून झालाय. आता कोणी कशाला हात लावला तर वाटणी मी करीन.” अर्ध्यावर आवाज किंचित बदलला. दोघांचे हात एकदम पुढे गेले, आणि दोघांनी एकमेकांची मनगटं पकडली. आवाज आपोआप पूर्ववत झाला. कागद गुंडाळला जात राहिला.

रोल अखंड उतरला. मोटर थांबली. बाहेर ट्रकवाला हॉर्न वाजवत होता, तरी दोघे एकमेकांची मनगटं धरून उभेच. माझे डोळे भरून आले. “आता सोडा,” मी खेकसले, “रोल काय मी एकटीने उचलू?”