गाण्याचा गेटपास

गजेंद्र तांबवेकर हा माणूस आयुष्यात एकदाच पकडला गेला, आणि तोही गाण्यासकट.

तमिळ मुलखात, अंबत्तूरच्या पलीकडे केंद्र सरकारचा एक कारखाना आहे. तिथे काय बनतं हे बाहेर सांगायला बंदी आहे, आणि खरं सांगायचं तर आतल्या निम्म्या लोकांना ते ठाऊकही नाही. मूळचा कऱ्हाडचा गजेंद्र तिथे नऊ वर्षं ड्रॉइंग ऑफिसात होता. २००३ सालच्या जूनमधल्या एका सोमवारी, साडेचारचा भोंगा झाल्यावर, फाटकावर त्याची पिशवी उघडली गेली. डब्याखाली एका रद्द ड्रॉइंगचा तुकडा निघाला आणि त्याच्या कोऱ्या बाजूवर निळ्या शाईत बारा ओळी.

फाटकावर रामस्वामी होता. पलटणीत सुभेदार होऊन निवृत्त झालेला, कडक इस्त्रीचा, आणि मिशीचा एक केसही परवानगीशिवाय न हलणारा. पलटणीतल्या हिंदीत त्याने विचारलं, "हे काय?"

"गाणं आहे, सुभेदारसाहेब. प्रेमाचं. म्हणजे प्रेम मोडल्याचं."

"कुठं तयार झालं?"

इथे गजेंद्रने 'घरी' म्हटलं असतं तर पुढचं काहीच घडलं नसतं. पण खोटं बोलायचं ते फक्त आईशी, सरकारशी नाही, असा त्याचा शिरस्ता होता. "इथंच," तो म्हणाला. "जेवणाच्या सुट्टीत."

"आत तयार झालेली वस्तू गेटपासाशिवाय बाहेर जात नाही."

"मग कागद ठेवून घ्या. मला पाठ आहे."

आपणच आपल्या पायावर धोंडा पाडून घेणं म्हणतात ते हे. रामस्वामीने चष्मा वर केला. "म्हणजे माल तुमच्या डोक्यात आहे?"

मागे रांग खोळंबली होती, कंपनीच्या बसा हॉर्न मारत होत्या. अर्धा तास वाद होऊन तोडगा निघाला. गजेंद्रला घरी जाऊ द्यायचं, कारण डोकं काढून ठेवता येत नाही. पण रजिस्टरात नोंद करायची. 'गाणे, नग एक, डोक्यात. पास मिळेपर्यंत बाहेर गाणार, सांगणार वा लिहून देणार नाही.' खाली गजेंद्रने सही केली. दुसरा कोणी असता तर तडक पहिल्या एसटीडी बूथवर जाऊन पुण्याला फोनवर बाराच्या बारा ओळी सांगून मोकळा झाला असता. गजेंद्र मात्र सही म्हटली की गारठायचा.

आणि पुण्याला सांगणं तर फार निकडीचं होतं. त्याचा मित्र दर्शन तिथे मराठी पॉपचा अल्बम काढत होता. आठातली सात गाणी तयार होती, आठव्याची जागा त्याने गजेंद्रसाठी रोखून धरली होती आणि शनिवारी संध्याकाळी कुरिअर निघालं नाही तर ती दुसऱ्याला जाणार होती. गजेंद्र अकरा वर्षं गाणी लिहीत होता. त्यातलं एकही कधी कोणाच्या कानावर पडलं नव्हतं. हे मात्र पडायलाच हवं होतं, कारण हे अंबुजाबद्दल होतं.

गेटपासासाठी लागतो तपासणी विभागाचा दाखला. तपासणी विभागात मराठी वाचता येणारी एकच व्यक्ती होती. अंबुजा.

अंबुजा तंजावरकडची मराठी. पूर्वज तिकडे येऊन तीनशे वर्षं झालेली, घर आता मांबळमला. आजोबांनी मोडी आणि बाळबोध दोन्ही शिकवलेली. तिचं मराठी ऐकताना जुनी पोथी कोणी तमिळ हेल काढून वाचतंय असं वाटे. तीन वर्षांत या दोघांचं पाच वेळा जुळलं आणि सहा वेळा मोडलं, हा हिशेब कसा लागतो ते त्यांनाच ठाऊक. एकदा त्याने तिच्या घरी सांबारात गूळ मागितला म्हणून, एकदा तिने थालीपिठाला अडै, म्हणजे डाळीचा जाड डोसा, म्हटलं म्हणून, एकदा मरीनाच्या समुद्रावर तो घोट्याएवढ्या पाण्यातही उतरेना म्हणून. आणि शेवटचं एप्रिलमध्ये. त्यानंतर तिने त्याच्याकडे पाहिलंही नव्हतं, आणि गजेंद्रला जेवण गोड लागत नव्हतं. राग होता, पण रागापेक्षा तिची आठवण जास्त होती, हे तो स्वतःशीसुद्धा कबूल करत नसे. त्याऐवजी त्याने गाणं लिहिलं. ध्रुवपद होतं, 'माझं काय चुकलं, सांग ना, माझं काय चुकलं.'

मंगळवारी दुपारी फॉर्म परत आला. वर लाल शिक्का, 'नापास'. खाली शेरे, तिच्या अनुस्वारांच्या मराठीत:

'ओळ १. "तू गेलीस अन् शहर बुडालं." शहर बुडालेलें नाहीं. यंदां प्यावयास पाणी नाहीं, टँकर तिसऱ्या दिवशीं येतो. दुरुस्त करावें.

ओळ ४. "तू दगड, तू वादळ, तू आग, तू बर्फ." एका नगास चार मटेरियल चालत नाहींत. एक कोणतें तें ठरवावें.

ओळ ७. "तुझ्या आसवांत मी भिजलो." त्या दिवशीं कोणी रडलें नाहीं.

ध्रुवपद. मोडलेल्या नगासोबत मोडण्याचें कारण लिहिणें सक्तीचें आहे. कारणाचा रकाना कोरा आहे.'

गजेंद्र फॉर्म घेऊन तणतणत तपासणी विभागात गेला. अंबुजा भिंगाखाली एक स्क्रू पाहत होती.

"हे गाणं आहे, अंबुजा. गाण्यात असं चालतं."

"गाण्यांत चालत असेल. फ्याक्टरींत चालत नाहीं," ती स्क्रूवरची नजर न काढता म्हणाली. "उद्यां परत पाठवा. घाई असेल तर आजच पाठवा."

तिकडे गाणं डोक्यात वागवणंही सोपं नव्हतं. तिरुवल्लिकेणीच्या मॅन्शनमध्ये, म्हणजे एकट्या पुरुषांच्या लॉजमध्ये, गजेंद्र एका खोलीत राही. तिथे आंघोळीला रांग, रांगेत प्रत्येक जण काही ना काही गुणगुणणारा, आणि हा तोंड घट्ट मिटून बादली धरून उभा. लोकलमध्ये चाकांच्या ठेक्यावर त्याची चाल अशी चपखल बसायची की ओठ चावून धरायला लागत. बुधवारी सकाळी त्याने फाटकावर आपण होऊन कबुली दिली की नळाखाली पहिल्या ओळीचे दोन शब्द तोंडातून निसटले. रामस्वामीने कपाळाला आठ्या घातल्या, कोणी ऐकलं का विचारलं, आणि नोंद केली, 'वाहतुकीत गळती, शब्द दोन.' मग समजुतीच्या सुरात म्हणाला, "सांभाळा. डोक्याला झाकण नसतं."

कारणाच्या रकान्यात गजेंद्रने बुधवारी लिहिलं, 'दैव आडवं आलं.' शेरा आला, 'दैवाचा पुरवठा कोठून झाला? पत्ता द्यावा.' गुरुवारी त्याने लिहिलं, 'जगानं आपल्याला तोडलं.' शेरा आला, 'जग त्या दिवशीं मरीनावर नव्हतें. दोघेंच होतों.'

दोघेंच होतों. हे दोन शब्द गजेंद्रने ड्रॉइंग बोर्डाशी उभं राहून कितीतरी वेळा वाचले.  तिला सगळं आठवत होतं, आणि त्यालाही आठवत होतं, फक्त त्याने ते गाण्याखाली पुरून टाकलं होतं.

झालं होतं असं. एप्रिलमधला रविवार, मरीनाची वाळू. कागदाच्या पुडीतला सुंडल, म्हणजे खोबरं घातलेले उकडलेले वाटाणे, दोघं मिळून खात होती. तेवढ्यात कऱ्हाडहून आईचा फोन आला. अंबुजा मागून काहीतरी बोलत होती, "हा हिरव्या मिरचीचा तुम्हीं घ्या, मला सोसत नाहीं," असं काहीतरी. आईने विचारलं, "गजू, कोण रे बाई बोलतेय? भाषा कुठली ही?" आणि गजेंद्र म्हणाला, "कोणी नाही गं. रेडिओ लागलाय."

अंबुजाने उरलेला सुंडल शांतपणे संपवला, पुडीची घडी केली, आणि एकटी बस धरून गेली. तिने एक शब्द काढला नव्हता. गजेंद्रला वाटलं, चला, या खेपेला भांडण झालं नाही.

शुक्रवारी जेवणाच्या सुट्टीत त्याने डबा उघडलाच नाही. दगड, वादळ, आग, बर्फ, सगळं काट मारून त्याने नवीन कागदावर लिहिलं:

'आईनं विचारलं कोण बोलतंय,
मी म्हणालो रेडिओ लागलाय.
तुला तुझ्या तोंडावर
मी रेडिओ म्हणालो.
तू बस धरून गेलीस.
चूक माझी.'

यमक गेलं, चाल लंगडी झाली. कारणाच्या रकान्यात त्याने लिहिलं, 'वर दिल्याप्रमाणे. नगात दोष नव्हता, हाताळणारा भित्रा होता.' लिहिताना त्याला लाज वाटली आणि हलकंही वाटलं.

तासाभरात फॉर्म परत आला. पहिल्यांदाच लाल शिक्का नव्हता. 'कारण मान्य,' तिने लिहिलं होतं. अक्षर किंचित हललेलं. खाली मात्र आणखी एक ओळ होती. 'पुढचा रकाना भरावा. दोष दूर करण्यासाठीं काय केलें?'

रात्रभर विचार करूनही गजेंद्रला त्या रकान्यात लिहिण्यासारखं काही सुचलं नाही. आणि शनिवारी दिवसभर, काहीच केलेलं नसल्यामुळे, रकाना कोराच राहिला. साडेचारचा भोंगा झाला. कुरिअरचं ऑफिस सहाला बंद होत होतं. रांग सरकत सरकत त्याची पाळी आली तेव्हा सव्वापाच झाले होते; फाटकावर टोकन देऊन त्याने जमा केलेला मोबाइल परत घेतला. बायकांच्या रांगेतून अंबुजा बाहेर पडत होती, पिशवी तपासून घेत.

"अंबुजा, थांब," तो म्हणाला. "रकाना भरतोय."

आणि त्याने तिथेच, रामस्वामीच्या टेबलापाशी, कऱ्हाडचा नंबर लावला.  मागे दोनशे माणसांची रांग होती आणि फोन नेमका स्पीकरवर लागला होता.

"आई, मी गजू. एप्रिलमध्ये तू विचारलं होतंस ना, कोण बोलतंय म्हणून. तो रेडिओ नव्हता. तिचं नाव अंबुजा आहे. मी तेव्हा घाबरलो."

 आई म्हणाली, "अरे, रेडिओ कधी तुला मिरची घे म्हणतो का? मला काय कळत नाही होय? दोन महिने वाट बघतेय, हा पोरगा केव्हा तोंड उघडतो म्हणून. मिरच्यासुद्धा काढून देते, म्हणजे बाई चांगली असणार. आहे का तिथं? दे तिला."

अंबुजाने मोबाइल हातात धरला.  "नमस्कार करतें, अम्मा," ती म्हणाली, आणि पुढे काहीतरी लांबलचक बोलली.

"सावकाश बोल गं बाई, निम्मंच कळतंय," आई म्हणाली.

"तुमचेंही निम्मेंच कळतें," अंबुजा म्हणाली. "सरि, बरें, निम्म्या-निम्म्यानें होईल."

दोन बायका रांग अडवून सात मिनिटं बोलल्या. गुळाचा विषय निघाला तसं गजेंद्रने मान खाली घातली. फोन ठेवल्यावर अंबुजाने डोळे पुसले, पिशवीतून शिक्का काढला, फॉर्म टेबलावर सरळ केला, आणि ठप्पा मारला. लाल. नापास.

गजेंद्रचे डोळे पांढरे झाले. "अगं, आता काय? सगळं खरं आहे त्यात!"

"शुक्रवारीं खरें होतें," ती म्हणाली आणि शेरा लिहिता लिहिता वाचूनही दाखवला. "गाण्यांतली बाई बस धरून गेलेली आहे. प्रत्यक्षांत बाई गेटावर उभी आहे. वस्तुस्थितीशीं जुळत नाहीं. भंगार."

साडेपाच वाजून गेले होते. सहाच्या आत दुसरं गाणं होणं शक्य नव्हतं; दर्शनची आठवी जागा आता गेली. अकरा वर्षं, बारा ओळी, आणि हळहळ वाटली ती खरी होती. गाणं कसंही असो, ते त्याचं होतं. तो फॉर्मकडे पाहत राहिला, मग अंबुजाकडे. ती शिक्का पुसून डबीत ठेवत होती आणि तिरप्या नजरेने तो काय करतो ते बघत होती.

रामस्वामीने कागद ताब्यात घेतला, नियमाप्रमाणे चार तुकडे केले, रजिस्टर उघडलं आणि पेन पुढे केलं. "भंगार नोंदवतो. कागद झाला. डोक्यातलं?"

गजेंद्रने ते एकदा मनात म्हणून पाहिलं. 'माझं काय चुकलं' ही ओळ पूर्वी आपोआप ओठांवर यायची. आता काय चुकलं ते माहीत होतं, दोनशे माणसांनाही माहीत होतं, आणि ओळ काही केल्या सुरात येईना.

"डोक्यातलंही लिहा," तो म्हणाला आणि सही केली. मग तो आणि अंबुजा बस पकडायला धावले, आणि मांबळमपर्यंत सांबारात गूळ घालावा की घालू नये यावरून भांडत गेले.